पुढचे मडफ्लॅप

“कुठल्या गाडीला?” तिनं मान वर न करता विचारलं.

मी मागं वळून रस्त्याच्या कडेला उभ्या असलेल्या गाडीकडं बोट केलं. ती काही तरी लिहीत होती, तरी तिनं ती गाडी केव्हाच पाहिली असावी.

“फियाट. ती दिसली मला. पुढच्या चाकांना पाहिजेत, मागच्या, की चारी?”

या प्रश्नाची तयारी मी केली नव्हती. आजऱ्याहून गडहिंग्लजला येईपर्यंत गाडीत बसल्या बसल्या मी बऱ्याच प्रश्नांची उत्तरं मनात जुळवून ठेवली होती. ‘इकडं कुठं?’ असं तिनं विचारलं तर काय म्हणायचं, ‘तुमची आई बरी आहे का?’ असं विचारलं तर काय म्हणायचं, काहीच न विचारता ती आत निघून गेली तर चेहरा कसा ठेवायचा, हे सगळं ठरलं होतं. चाकं माझ्या डोक्यातच आली नव्हती.

“चारी,” माझ्या पाठीमागून इस्माईल म्हणाला. इस्माईल हा आमच्या प्राचार्यांचा ड्रायव्हर. “आणि ताई, चांगले बघून द्या. सायबांनी गाडीला नवा रंग दिलाय. आजऱ्याच्या त्या तांबड्या चिखलानं दारं खालपासून वरपर्यंत माखत्यात. रोज धुवून माझी कंबर गेली.”

“आधी फ्लॅप बसवायचे आणि मग रंग द्यायचा. सायबांना सांगा तुमच्या,” असं म्हणत तिनं मान वर केली, आणि इस्माईलच्या आधी मी तिच्या नजरेस पडलो.

“तुम्ही!” ती म्हणाली.

“हो,” मी म्हणालो. 

ती विजयमाला चोथे. ‘चोथे ऑटो स्पेअर्स’ हे तिच्या वडिलांचं दुकान, गडहिंग्लजच्या संकेश्वर रोडला. आणि मी मनोहर रेडेकर, आजऱ्याच्या कॉलेजात ग्रंथपाल. त्याच उन्हाळ्यात माझे मामा आणि मी तिला बघायला तिच्या घरी गेलो होतो. दुकानाच्या मागंच घर. तिथं मी कांदेपोह्यांच्या बशीकडं बघत बसलो होतो आणि बाकी सगळे पावसापाण्याचं बोलत होते. उठायच्या बेतात असताना तिनंच एकदम मला विचारलं होतं, “तुम्हाला गाडी चालवता येते?” मी म्हणालो होतो, “सायकल.” सगळी बैठक हसली. ती हसली नाही. “सायकलीला तोल लागतो. गाडीला लागत नाही,” असं ती शांतपणे म्हणाली, आणि त्याच क्षणी माझं ठरलं.

घरी जाताना एस्टीतच मी मामांना होकार सांगून टाकला. एवढ्या लवकर मी आयुष्यात कुठलीच गोष्ट ठरवली नव्हती, त्यामुळं मामांनी दोनदा विचारून खात्री करून घेतली. पण मामा तो पुढं कळवायच्या आतच, आठवड्याभरात, मध्यस्थाकडून उलटा निरोप आला, की चोथ्यांच्या घरी आता या स्थळाचं नाव काढू नका. मामा भडकले. “आपल्या पोराला नाकारतात म्हणजे काय!” असं म्हणत त्यांनी तो विषय बंद केला. मला मात्र त्यात नवल वाटलं नाही. मला कुणी नाकारलं की माझा पहिला विचार, त्यांचं बरोबरच असणार, असा असतो. फक्त नक्की कशामुळं नाकारलं ते कळलं असतं तर बरं झालं असतं, एवढंच सारखं वाटायचं.

आणि आता गौरी-गणपती होऊन गेल्यावर प्राचार्य शिंत्र्यांनी मला बोलावून सांगितलं, “रेडेकर, तुम्ही पुस्तकांची पार्सलं आणायला गडहिंग्लजला निघालाच आहात, तर माझीच गाडी घेऊन जा. येताना मडफ्लॅप बसवून आणा. इस्माईलला निवडायला सांगितलं तर तो पोपट काढलेले आणेल. तुम्हाला चांगलंवाईट कळतं.”

गडहिंग्लजमध्ये स्पेअरपार्टची आणखीही दुकानं होती. इस्माईल चोथ्यांच्या दुकानासमोर गाडी उभी करायला लागला तेव्हा मी त्याला पुढं चल म्हणू शकलो असतो. म्हणालो नाही.

“कोण आलंय गं?” आतून आवाज आला आणि विजयमालाचे वडील, आण्णा, गुडघ्यावर हात ठेवत बाहेर आले. मला बघून ते उंबऱ्यातच थांबले.

“नमस्कार,” मी म्हणालो.

“नमस्कार.” त्यांनी माझ्याकडं बघायचं टाळून गाडीकडं बघितलं. “प्राचार्यांची गाडी न्हवं ही? काय पाहिजे?”

“मडफ्लॅप,” विजयमाला म्हणाली.

“मग दे की. गिऱ्हाईक ते गिऱ्हाईक.” मग आवाज चढवून, मला नीट ऐकू जाईल अशा बेतानं ते तिला म्हणाले, “मी जरा बाजारात जाऊन येतो. ऐतवारी बेळगावची माणसं यायची हाईत, सामान आणून ठेवाय पाहिजे. पितृपंधरवडा लागायच्या आत ठरवून टाकायचं म्हणत्यात. माणसं शब्दाची पक्की हाईत. उगं हेलपाटे घालायला लावणारी न्हाईत.”

“बरं, आण्णा.”

“लवकर उरक ह्यांचं.”

ते पायरी उतरून गेले. इस्माईल समोरच्या हॉटेलात चहा प्यायला गेला. दुकानात आम्ही दोघंच उरलो, आणि भिंतीवर टांगलेले फ्लॅप.

त्या भिंतीकडं मी बराच वेळ बघत राहिलो. दुसरीकडं कुठं बघायची सोय नव्हती. ट्रकचे मोठमोठाले फ्लॅप होते, त्यांवर पांढऱ्या रंगात ‘पुन्हा भेटू’ असं लिहिलेलं. लाल-पिवळ्या प्लास्टिकचे होते. दोन पोपट चोचीला चोच लावून बसलेले होते, त्यांच्यावर इस्माईलची नजर गेली होती हे मी पाहिलं होतं. आणि एका कोपऱ्यात जाड काळ्या रबराचे, काहीही न लिहिलेले.

“ते,” मी म्हणालो. “ते काळे.”

“का?”

“म्हणजे?”

“का ते? सगळे पोपट बघतात. तुम्ही काळे का घेताय?”

“त्यांवर काही लिहिलेलं नाही म्हणून.”

“पुस्तकांत राहता आणि न लिहिलेलं निवडता?” ती म्हणाली. यात टोमणा होता, पण तो मारतानाही तिनं काळे फ्लॅप खाली काढून काउंटरवर ठेवले होते. “हे चांगलेच आहेत. कारखान्याच्या जुन्या पट्ट्यांचं रबर आहे, फाटत नाही. प्लास्टिकचे उन्हात तडकतात. पण हे मापाचे नाहीत, कापून घ्यावे लागतील. बसा तुम्ही.”

मी बसलो नाही. तिनं साडीवर वडिलांचा जुना शर्ट चढवला, पत्र्याचा एक फर्मा रबरावर ठेवून खडूनं रेघ मारली आणि धारदार सुरीनं रबर कापायला घेतलं. आण्णांचा गुडघा धरल्यापासून खाली बसून करायचं सगळं काम तीच करत होती, हे मला त्या उन्हाळ्यातच मामांकडून कळलं होतं. मामांनी ते जरा काळजीच्या सुरात सांगितलं होतं.

चारही फ्लॅप कापून झाले. प्रत्येकाची एक कड सरळ होती आणि दुसरी खाली तिरकी कापलेली.

“ही अशी तिरकी कशाला?” मी विचारलं.

“आतल्या बाजूला जागा कमी असते, तिथं घासू नये म्हणून. सरळ कड बाहेर. बाहेर सरळ असली की चिखल तिथंच अडतो, दारावर जात नाही. म्हणून डावा वेगळा, उजवा वेगळा. चपलेसारखं.”

“चुकून उलटे बसले तर?”

“उलटे कशाला बसतील?” तिनं माझ्याकडं असं पाहिलं, जणू मी डोक्यावर चप्पल घालायची गोष्ट काढली होती.

मागच्या चाकापाशी ती उकिडवी बसली. हाताच्या ड्रिलनं भोक पाडायचं, रबर लोखंडी पट्टीखाली धरायचं आणि स्क्रू पिळायचा, असं ते काम होतं. फ्लॅप धरायला कुणी तरी लागत होतं. मी शेजारी बसलो. माझी धोतराची पिढी नव्हती, पण त्या दिवशी घातलेली कडक इस्त्रीची पँट बसायला तेवढीच अवघड होती.

“पान्हा द्या.”

मी दिला.

“ही पक्कड आहे.”

मी दुसरा दिला.

“हं.”

पहिला बसला. दुसरा बसला. दोन्ही सरळ, नेटके, शाळेच्या पोरांच्या रांगेसारखे. ती उठून पुढच्या चाकांकडं गेली, खिडकीतून हात घालून स्टेअरिंग फिरवलं, चाक वळवून घेतलं आणि पुन्हा खाली बसली. मला कळत होतं, की पुढचे दोन लागले की काम संपलं. मग इस्माईल येईल, मग आजरा, आणि रविवारी बेळगावची माणसं.

“एक विचारू?” मी म्हणालो.

“विचारा.”

“हे स्क्रू गंजत नाहीत?”

“गंजतात. ग्रीस लावलं की टिकतात.” तिनं ड्रिल चाकाच्या आत धरलं, पण फिरवलं नाही. “हेच विचारायचं होतं?”

“नाही.”

“मग जे विचारायचं ते विचारा. ऐतवारपर्यंत थांबायला मला वेळ नाही.”

मी चष्मा काढला, पुसला, परत घातला. “तुमच्याकडून नकार आला. त्याबद्दल मला राग नाही. पण कारण कळलं असतं तर… म्हणजे माझ्यात काय कमी होतं, ते. सायकलीमुळं का? सुधारता येण्यासारखं काही असलं तर—”

ड्रिल खाली ठेवून ती चाकाच्या आतून बाहेर आली. तिच्या गालाला ग्रीसचा पट्टा लागला होता.

“आमच्याकडून नकार?”

“हो. तसा निरोप आला मामांना.”

“फोटो कुणी परत पाठवला?”

“मी.”

“आणि पत्रिका?”

“तीही मीच. सोबतच होती.”

“खाकी कागदात गुंडाळून, दोरा बांधून. आणि वर झोकदार अक्षरात ‘साभार परत’.”

“हो,” मी म्हणालो. अक्षराचं तिनं नाव काढलं म्हणून मला क्षणभर बरंसुद्धा वाटलं. “कॉलेजचा शिपाई इकडं येणार होता, त्याच्याकडं दिलं. नीट पोचलं ना? फोटोचा कोपरा दुमडला तर नव्हता?”

ती माझ्याकडं बघतच राहिली.

“नीट पोचलं,” ती म्हणाली. “आईनं उघडलं. बघितलं आणि चुलीवरचं दूध उतू जाईपर्यंत तशीच उभी राहिली. आण्णा त्या दिवशी जेवले नाहीत. कुणी असं परत पाठवतं का? नुसतं नको म्हणाला असता तर चाललं असतं. वर आभार!”

“पण नको कुठं म्हणालो मी? मामांना त्याच दिवशी होकार सांगितला होता. एस्टीतच.”

“मग फोटो परत कशाला पाठवलात?”

“तुमची वस्तू होती ती. बघायला दिलेली. माझं बघून झालं होतं, ठरलं होतं, मग ठेवून घ्यायचं काय कारण? दुसऱ्याची वस्तू काम झालं की परत करायला नको? उलट उशीर झाला म्हणून माझंच मन मला खात होतं.”

विजयमालानं रस्त्याकडं बघितलं. समोरच्या हॉटेलात इस्माईल कुणाला तरी हातवारे करून गाडीच्या रंगाबद्दल सांगत होता. मग तिनं पुन्हा माझ्याकडं बघितलं आणि अगदी हळू, लहान मुलाला समजावल्यासारखं म्हणाली, “सर, फोटो आणि पत्रिका परत पाठवली की तो नकार असतो. होकार असला की ठेवून घेतात.”

“असं कुणी सांगितलं?”

“कुणी सांगत नाही. सगळ्यांना ठाऊक असतं.”

“मला ठाऊक नव्हतं.”

“आणि तुमच्या मामांना?”

“त्यांना मी सांगितलंच नाही. त्यात सांगण्यासारखं काय होतं? पुस्तक परत केलं की कुणी गावभर सांगतं का?”

 माझ्या कानांच्या पाळ्या तापल्या होत्या. तिच्या घरी दूध उतू गेलं, आण्णा जेवले नाहीत, आणि मी मात्र इतके महिने आजऱ्यात बसून स्वतःच्या सायकलीला दोष देत होतो. उठून जावं, गाडीत बसून काच वर करावी, असं मला वाटलं. तेवढ्यात माझ्या लक्षात आलं, की या घोटाळ्यात जे सांगायचं ते अजून मी तिला सांगितलंच नव्हतं. मामांना सांगितलं होतं. तिला नाही.

“मला तुम्ही पसंत आहात,” मी म्हणालो. “तेव्हाही होतात. आत्ताही आहात.”

आवाज फुटला का नाही, शब्द याच क्रमानं आले का, ते आज मी छातीवर हात ठेवून सांगू शकणार नाही. पण तिला ऐकू गेलं, एवढं नक्की. तिनं मान खाली घातली आणि हात पुढं केला.

“फ्लॅप द्या.”

“कुठला?”

“कुठलाही.”

मी हाताला आला तो दिला. तिनं तो बसवला. मग पलीकडं जाऊन उरलेला बसवला. त्या सगळ्या वेळात ती एक अक्षर बोलली नाही.  माझा शब्दांचा साठा संपला होता, आणि तिच्या गप्प राहण्याचा अर्थ लावायला मी घाबरत होतो. एकदा स्क्रू तिच्या हातातून निसटून गटाराच्या कडेला गेला. तो मी शोधून आणून दिला.

इस्माईल दात कोरत परत आला. “झालं? निघायचं?”

“तसं निघता येत नाही,” ती उठून हात पुसत म्हणाली. “मार्केट यार्डाच्या मागं डबकं आहे. त्यातनं एकदा गाडी घालून बघायची. आण्णांचा नियम आहे. आणि ज्यानं फ्लॅप बसवले, त्यानं डबक्याच्या कडेला उभं राहायचं. अंगावर थेंब आला तर काम पुन्हा.”

“भारी नियम हाय,” इस्माईल म्हणाला.

मार्केट यार्डाच्या मागं गुळाच्या गाड्यांनी रस्ता उखडून ठेवला होता आणि मधोमध तांबड्या पाण्याचं चांगलं लांबरुंद डबकं साचलं होतं. इस्माईल गाडी मागं घेऊन गेला. विजयमाला डबक्याच्या कडेला जाऊन, नेहमीच्या जागी उभं राहावं तशी, उभी राहिली.

मी तिच्या शेजारी जाऊन उभा राहिलो.

“तुम्ही लांब थांबा. शर्ट पांढरा आहे तुमचा.”

“तुमचीही साडी नवी दिसतेय.”

“मी बसवलेत.”

“मी धरले होते.”

ती काही तरी म्हणणार होती, पण इस्माईलनं हॉर्न दिला आणि गाडी निघाली. प्राचार्यांची गाडी तो कधी जोरात चालवत नसे, पण परीक्षा घ्यायचीच तर नीट घ्यावी असं त्याला वाटलं असावं. पुढचं चाक डबक्यात शिरलं आणि ज्या बाजूनं काहीही यायला नको होतं, नेमक्या त्याच बाजूनं तांबड्या पाण्याची एक अख्खी भिंत उठली. मी हात पुढं केला, तिला आडोसा करायला. त्याचा काहीही उपयोग झाला नाही.

मग मला काही दिसेना. चष्म्याच्या दोन्ही काचा चिखलानं भरल्या होत्या, तोंडात माती गेली होती. नुसतं ऐकू येत होतं. शेजारी कुणी तरी हसत होतं. आधी दाबून, मग न दाबता, पोट धरून, श्वास लागेपर्यंत. कांदेपोह्यांच्या वेळी सगळी बैठक हसली तेव्हा न हसलेली ती आता एकटी हसत होती.

“ताई, ह्ये काय!” इस्माईल ओरडत उतरला. “सायबांचं दार बघा! फ्लॅप नव्हते तेव्हासुद्धा एवढं माखत नव्हतं हो!”

दुकानात परत आलो तेव्हा आण्णा बाजारातून आले होते. गुडघ्यावर पिशवी ठेवून ते खुर्चीत बसले होते. त्यांनी आधी माझ्याकडं बघितलं, मग मुलीकडं. दोघंही डोक्यापासून पायापर्यंत तांबडे. मग गाडीकडं. ते उठले, पायरी उतरले आणि गाडीच्या मागं जाऊन वाकले.

“मागचं बरोबर हाईत,” ते म्हणाले. मग गाडीला हात लावत, गुडघा सांभाळत पुढं आले आणि पुन्हा वाकले. बराच वेळ वाकून राहिले.

“विजू.”

“काय, आण्णा?”

“ह्ये पुढचं कुणी बसवलं?”

“मीच.”

“डावा उजवीकडं, उजवा डावीकडं. दोन्ही तिरक्या कडा बाहेर.” ते कमरेवर हात ठेवून सरळ झाले आणि माझ्याकडं वळले. “सर, परकर नेसत हुती तवापासनं ही पोरगी फ्लॅप बसवतीय. झोपेतनं उठवून बसवायला सांगितलं तरी चुकायची न्हाई. आज मागचं दोन बसवूस्तोवर समदं ठीक हुतं. मधी काय झालं?”

विजयमाला पायाच्या अंगठ्याकडं बघत होती. इस्माईलनं एकदम फडकं काढून गाडीची काच पुसायला घेतली.

“मधे मी बोललो,” मी म्हणालो.

“काय बोललासा?”

“मला तुमची मुलगी पसंत आहे, असं.”

आण्णांचा चेहरा कठीण झाला. “फोटो परत धाडून? आमची चेष्टा लावलीया का?”

“आण्णा,” ती मधेच म्हणाली, “त्यांना ठाऊक नव्हतं.”

“काय ठाऊक नव्हतं?”

“होकार असला की फोटो परत करायचा नसतो, हे. बघून झाला, म्हणून त्यांनी परत केला.”

आण्णांनी मला खालपासून वरपर्यंत न्याहाळलं. माझ्या हनुवटीवरून चिखल ठिबकत होता. त्यांना माझ्यात लबाडी शोधायची होती बहुतेक, आणि ती सापडण्याइतकी स्वच्छ जागा माझ्या तोंडावर उरली नव्हती.

“कॉलेजात काय शिकवतासा तुम्ही?”

“शिकवत नाही. ग्रंथपाल आहे.”

“म्हंजे पुस्तकं द्यायची आणि घ्यायची?”

“हो.”

“मग बरोबर हाय,” आण्णा म्हणाले, आणि त्यांच्या मिशीखाली काही तरी हललं. ते मुलीकडं वळले. “आणि ह्ये बोलल्यावर तू काय बोललीस?”

“मी कुठं काय बोलले?” ती म्हणाली. “मी पुढचे बसवले.”

आण्णांनी पुन्हा एकदा त्या उलट्या फ्लॅपांकडं बघितलं. डावीकडच्या, मग उजवीकडच्या.

“त्ये दिसतंय,” ते म्हणाले.

मग ते पायरी चढून दुकानात गेले. आत घराच्या दाराशी उभं राहून त्यांनी विजयमालाच्या आईला हाक मारली, “अगं, चहा टाक चार कप. आणि बेळगावला आजच्या आज निरोप धाडाय पाहिजे, येऊ नका म्हणून.” आतून काही तरी विचारणा झाली असावी, कारण ते पुढं म्हणाले, “तू भाईर येऊन बघ आधी. मग इचार.” आणि जाता जाता आम्हांला म्हणाले, “तवर ते काढा आणि सरळ बसवा. प्राचार्यांची गाडी तशी धाडायची न्हाई.”

विजयमाला पुन्हा पुढच्या चाकापाशी बसली. ओल्या साडीनं, चिखलाच्या हातांनी तिनं स्क्रू सोडवले आणि फ्लॅप खाली काढून माझ्या हातात दिला. मी तिच्या शेजारी बसलो. या वेळी पँटीचा काही प्रश्न उरला नव्हता.

“नीट धरा,” ती म्हणाली. “सरळ कड बाहेर.”

ते मला केव्हाच पाठ झालं होतं. तरी ती पुन्हा सांगेल म्हणून मी विचारलं, “कुठली?”